हा शो टूरमध्ये धरायचा की नाही? नव्याने लिस्ट करायला बसलेल्यांसाठी

मायकल जॅक्सनच्या हिस्टरी टूरचे शो मी पहिल्यांदा मोजले तेव्हा ८३ आले. जगभर आकडा ८२ आहे. दोन रात्री मी एकेक ओळ बोट ठेवून तपासली, कुठलीच तारीख दोनदा आलेली नव्हती, शहरं बरोबर, स्टेडियम बरोबर, तरी गणित काही जुळेना. शेवटी चोर सापडला तो ब्रुनेईत. तो माझ्या लिस्टमध्ये घुसला कसा हे खाली तारखांच्या पायरीत सांगतो, कारण तीच चूक तुम्हीपण करणार आहात, लिहून ठेवा.

तर ज्यांना आपल्या आवडत्या गायकाच्या टूरची लिस्ट करायचीय, किंवा ग्रुपवर कोणीतरी आकडा फेकलाय आणि तो खरा का खोटा बघायचंय, त्यांच्यासाठी ही माझी पद्धत. परफेक्ट वगैरे नाहीये पण चालते.

मोजायच्या आधी

आधी नियम ठरवायचा, मग मोजायचं. बहुतेक जण उलटं करतात, म्हणजे आधी मोजतात आणि मग आवडता शो आत बसावा म्हणून नियम वाकवतात. आपल्याकडे नाटकवाल्यांचं बघा, ५०० वा प्रयोग म्हणून जाहिरात येते तेव्हा त्यात थिएटरमधले तिकीट लावलेले प्रयोग असतात आणि एखाद्या मंडळाने किंवा बँकेने विकत घेतलेला कॉन्ट्रॅक्ट शोपण असतो, कारण नाटक तेच, सेट तोच, नटसंच तोच. पण त्याच नटाने एखाद्या लग्नात त्यातला एक प्रवेश करून दाखवला तर तो कोणी प्रयोग म्हणून मोजत नाही. पॉप स्टारच्या टूरचं साधारण असंच आहे, फक्त इथे पैसा जास्त आणि भांडणंही जास्त.

पहिली पायरी: तिकीट कुठल्या नावाने विकलं

सगळ्यात आधी हे बघा की शो जाहीर झाला तेव्हा त्यावर टूरचं नाव होतं का. नंतर फॅन काय म्हणाले ते सोडा, जाहीर होताना काय नाव होतं ते बघायचं.

याला रिओच्या कोपाकबाना बीचइतकं चांगलं उदाहरण नाही. ४ मे २०२४ ला मॅडोनाने तिथे फुकट शो केला, साधारण १६ लाख लोक होते म्हणतात. बरोबर एक वर्षाने, ३ मे २०२५ ला, त्याच वाळूवर लेडी गागाने फुकट शो केला, तिथल्या अधिकाऱ्यांचा अंदाज २१ लाखांचा. बीच तोच, महिना तोच, दोन्ही फुकट. पण मॅडोनाचा शो टूरमध्ये धरतात आणि गागाचा धरत नाहीत. का? मॅडोनाची सेलिब्रेशन टूर १४ ऑक्टोबर २०२३ ला लंडनला सुरू झाली होती, एप्रिल २०२४ मध्ये मेक्सिको सिटीला संपणार असं आधी होतं, मग रिओचा शो त्याच टूरचा शेवटचा शो म्हणून जाहीर केला. गागाची मेहेम बॉल टूर मात्र सुरूच झाली १६ जुलै २०२५ ला लास व्हेगासला. त्याआधीचे कोचेला फेस्टिव्हल, मेक्सिको सिटी, कोपाकबाना आणि सिंगापूरच्या चार रात्री हे सगळे तिने टूरच्या नावाखाली केलेले नाहीत. स्टेजवरचा मामला बराचसा सारखा होता हे खरंय, व्हिडिओ शेजारी शेजारी लावून बघा, पण नाव वेगळं. मी त्यांची वेगळी शीट ठेवतो, "मेहेमच्या आधीचे".

इथे फॅन लोक चिडतात, की एवढा मोठा शो टूरमध्ये नाही म्हणजे काय. अहो मोठा आहे म्हणून टूरमध्ये आणि लहान आहे म्हणून बाहेर असं नसतं ना.

दुसरी पायरी: शो तोच आहे का

नावाने भागलं नाही तर स्टेजकडे बघायचं. सेट, कपडे, गाण्यांचा क्रम, डान्सर, बँड. हिस्टरी टूरमध्ये मायकल रॉकेटमधून स्टेजवर यायचा, अंगावर तो सोनेरी सूट. ते रॉकेट हीच त्या टूरची सही. आता १६ जुलै १९९६ चा ब्रुनेईचा शो बघा. सुलतानाच्या पन्नासाव्या वाढदिवसाचा, जेरुडाँग पार्कमध्ये, लोकांना फुकट. हिस्टरी अल्बम येऊन वर्ष झालेलं, त्यामुळे एखादं नवं गाणंपण होतं, म्हणून लोकांना वाटतं ही टूरचीच सुरुवात. पण एकूण शो जुन्या डेंजरस टूरच्या वळणाचा होता आणि हिस्टरी टूर सुरू झाली ती ७ सप्टेंबरला प्रागमध्ये. म्हणजे नावही नाही आणि शोही तो नाही. बाहेर.

गंमत म्हणजे ३१ डिसेंबर १९९६ ला मायकल परत ब्रुनेईत, परत जेरुडाँग पार्कमध्येच, आणि हा शो मात्र टूरच्या ८२ मध्ये आहे. एक शहर, एक वर्ष, दोन शो, एक बाहेर एक आत. नुसतं "ब्रुनेई १९९६" असं लिहून ठेवलंत की मेलात.

फक्त एक सांभाळा. सेटलिस्ट बदलली म्हणजे टूर बदलली असं नाही. टेलर स्विफ्टच्या एराज टूरमध्ये मे २०२४ ला पॅरिसपासून नव्या अल्बमचा अख्खा भाग घातला, जुनी काही गाणी काढली, कपडे बदलले, तरी टूर तीच राहिली. आणि रोज रात्री दोन वेगळी गाणी म्हणायची तिची पद्धत पहिल्यापासून होतीच. तेव्हा सांगाडा तोच आहे का ते बघा, गाणी मोजत बसू नका.

तिसरी पायरी: सुपारी होती का

कलाकार मंडळी ज्याला सुपारी म्हणतात, म्हणजे कोणीतरी पैसे देऊन बोलावलं आणि आपल्याला तिकीट काढून जाता आलं नसतं, असे शो मी सरळ बाहेर ठेवतो. मार्च २०२४ ला जामनगरला अंबानींकडे रिहाना, जुलै २०२४ ला मुंबईत संगीतला जस्टिन बीबर, डिसेंबर २०१८ ला उदयपूरला बियॉन्से, जानेवारी २०२३ ला दुबईत नव्या हॉटेलच्या उद्घाटनाला परत बियॉन्से. त्या दुबईच्या शोवरून फार काथ्याकूट होतो कारण रेनेसान्स अल्बम आधीच आला होता आणि टूर चारच महिन्यांनी, १० मे २०२३ ला स्टॉकहोमला सुरू झाली. पण सुरुवात ती सुरुवात. ५६ शो म्हणजे स्टॉकहोमपासूनचे ५६.

चौथी पायरी: फेस्टिव्हल आणि चॅरिटी, इथे थांबायचं

सगळ्यात जास्त डोक्याला शॉट इथे लागतो, म्हणून जरा सावकाश.

नवीन लोक एक सोपा नियम करतात की फेस्टिव्हल असेल तर बाहेर, चॅरिटी असेल तर बाहेर. हा नियम टिकत नाही. बीबरची पर्पज टूर ज्या शोवर थांबली तो २ जुलै २०१७ चा लंडनच्या हाइड पार्कमधला शो फेस्टिव्हलमधलाच होता आणि तो टूरमध्ये धरतात. आणि चॅरिटीचं म्हणाल तर आपलं मुंबईचंच घ्या. १ नोव्हेंबर १९९६, अंधेरी क्रीडा संकुल, मायकल जॅक्सन. विमानतळावर सोनाली बेंद्रेने मराठमोळ्या वेशात ओवाळलं, मग स्वारी मातोश्रीवर जाऊन आली, हे सगळं आपल्या आईबाबांच्या पिढीला तोंडपाठ आहे. तो कार्यक्रम राज ठाकरेंच्या शिव उद्योग सेनेने मराठी तरुणांच्या रोजगारासाठी निधी उभा करायचा म्हणून घेतला होता, त्याच कारणाने करमणूक कर माफ केला आणि मग त्या माफीवरून कोर्टकचेरी वर्षानुवर्षं चालली, शेवटी २०२१ मध्ये मंत्रिमंडळात विषय आला. म्हणजे कागदोपत्री चांगल्या कामासाठीचा शो. तरी टूरमध्ये शंभर टक्के आहे, कारण नाव हिस्टरी टूरचं, शो तोच रॉकेटवाला, आणि क्वालालंपूरनंतर मुंबई, मुंबईनंतर बँकॉक असा सरळ रांगेत. पैसे कुठे जाणार हा प्रश्नच वेगळा, तो टूरचा प्रश्न नाहीये.

आता उलटी केस. १९ नोव्हेंबर २०१६, बीकेसीचं एमएमआरडीए मैदान, कोल्डप्ले. कार्यक्रम ग्लोबल सिटिझन या संस्थेचा, बरेच जण पैसे न देता, काहीतरी सामाजिक कामं करून पास मिळवून आत गेले होते. त्या वर्षी त्यांची अ हेड फुल ऑफ ड्रीम्स टूर चालू होती हे खरं, पण आशियातली फेरी सुरू झाली थेट ३१ मार्च २०१७ ला सिंगापूरला. मी हा शो बाहेर ठेवतो. मग त्यांचे जानेवारी २०२५ चे डी वाय पाटीलचे तीन शो, १८, १९ आणि २१ तारखेचे? ते म्युझिक ऑफ द स्फीअर्स टूरच्या नावानेच विकले, त्यात वादच नाही. ती तिकिटं मिळवताना झालेल्या यातनांवर मी काही बोलत नाही.

आणि आता खरी अवघड. ३० नोव्हेंबर २०२४, परत तेच बीकेसी मैदान, दुआ लिपा, तीच रात्र जिला शाहरुखच्या गाण्याचा तो मॅशअप वाजला आणि लोक वेडे झाले. तिकीट फीडिंग इंडिया या चॅरिटी कॉन्सर्टच्या नावाने. पण त्याच महिन्यात तिची रॅडिकल ऑप्टिमिझम टूर आशियात फिरत होती आणि मुंबईनंतर ४ आणि ५ डिसेंबरला सोलचे शो झाले. म्हणजे नाव बाहेरचं पण जागा रांगेतली. कोल्डप्लेसारखा एकटा पडलेला शो नाही हा. मी आत धरतो पण पुढे खूण करून, आणि बेरीज दोन्ही लिहितो, खूणवाले धरून इतके आणि सोडून इतके. तिचाच २०१९ चा डी वाय पाटीलचा शो, ज्यात केटी पेरीपण होती, तो मात्र एका फोन कंपनीचा फेस्टिव्हल होता, तो सरळ वेगळा.

माझा नियम मग असा झालाय: नाव, शो आणि रांग, या तीनपैकी दोन गोष्टी जुळल्या तर आत, एकच जुळली तर बाहेर. गागाचं बघा, शो थोडाफार जुळतो, नाव नाही, रांग नाही, बाहेर. दुआचं, रांग जुळते, शो बऱ्यापैकी जुळतो, नाव नाही, खूण करून आत. तुमचा नियम वेगळा असेल तर असू दे, फक्त पहिल्या ओळीला जो लावला तोच शेवटच्या ओळीला लावा.

पाचवी पायरी: जे झालेच नाहीत

रद्द झालेला शो मोजायचा नाही. एवढं साधं वाक्य आहे पण लोक जुन्या पोस्टरवरून लिस्ट उतरवतात आणि घोळ होतो. एराज टूरच्या १५२ तारखा होत्या, ऑगस्ट २०२४ मध्ये व्हिएन्नाचे तिन्ही शो हल्ल्याचा कट उघड झाला म्हणून रद्द झाले, राहिले १४९. बीबरच्या जस्टिस टूरचा १८ ऑक्टोबर २०२२ चा दिल्लीचा शो ज्यांनी तिकीट काढलं होतं त्यांच्या लक्षात आहे, लिस्टमध्ये शून्य. सगळ्यात वाईट वाटतं ते मायकलच्या लंडनच्या ५० शोंचं, जुलै २००९ पासून होणार होते, सगळी तिकिटं गेली आणि २५ जूनला तो गेला. पन्नास तारखा, मोजणी शून्य.

पुढे ढकललेला शो एकदाच मोजायचा आणि झाला त्या तारखेला. टेलरचा ब्युनोस आयर्सचा १० नोव्हेंबर २०२३ चा शो वादळी हवेमुळे १२ ला गेला, रिओचा १८ चा भयानक उकाड्यामुळे २० ला. जुनी आणि नवी दोन्ही तारीख लिस्टमध्ये राहिली की दोन शो फुकटचे वाढतात.

आणि मागाहून वाढवलेले शो विसरू नका. दिलजितच्या दिल-लुमिनाटी टूरचा भारतातला शेवट गुवाहाटीला २९ डिसेंबर २०२४ ला असं आधी होतं, मग ३१ ला लुधियाना आलं. मुंबईचा १९ डिसेंबरचा शोपण पहिल्या यादीत नव्हता, पुण्याचा २४ नोव्हेंबरचा होता. पहिल्या दिवशीच्या पोस्टरवरून लिस्ट केलीत तर हे दोन्ही गळतात.

सहावी पायरी: किरकोळ

टीव्हीवरचं एक गाणं, पुरस्कार सोहळा, सुपर बोलचा हाफटाइम, साउंडचेक, रस्त्यावरचं गाणं, काही धरायचं नाही. ९ फेब्रुवारी २०२५ ला एड शीरनने बंगळुरूच्या चर्च स्ट्रीटवर गिटार काढली आणि पोलिसांनी येऊन वायर काढली, तो व्हिडिओ सगळ्यांनी पाहिलाय. त्याच संध्याकाळी त्याचा मॅथेमॅटिक्स टूरचा शो होता, तो धरायचा. चर्च स्ट्रीट फक्त शेऱ्यात लिहा, मजा म्हणून.

ग्रुपची टूर एकट्याच्या नावावर घालू नका. १९८४ च्या व्हिक्टरी टूरचे ५५ शो जॅक्सन्सचे आहेत, म्हणजे भावांच्या ग्रुपचे. आणि लास व्हेगाससारख्या एकाच ठिकाणी वर्षानुवर्षं चालणाऱ्या मुक्कामाला टूर म्हणत नाहीत. ब्रिटनीचा पीस ऑफ मी हा मुक्काम २०१३ ते २०१७ वेगळा आणि तेच नाव घेऊन २०१८ ला काढलेली टूर वेगळी.

सातवी पायरी: तपासायचं कुठे

कलाकाराची स्वतःची घोषणा आधी. पण घोषणेवरून फक्त बेत कळतो, झालं काय ते कळत नाही, म्हणून शोच्या दुसऱ्या दिवशीचं त्या गावचं वर्तमानपत्र शोधा. आदल्या दिवशीचं नको, त्यात सगळेच शो होणार असतात. मग बिलबोर्ड या संगीताच्या मासिकातले बॉक्सऑफिसचे आकडे, पण तिथे आयोजक जे कळवतात तेच येतं आणि फुकट शो तर येणारच नाहीत, म्हणून तिथे नाही म्हणजे झालाच नाही असा अर्थ काढायचा नाही. कोणाकडे तिकिटाचा तुकडा असेल तर सोनं, त्यावर छापलेलं नाव वाचा. फॅनच्या याद्या सगळ्यात शेवटी, कारण दहा याद्या सारख्या दिसल्या तरी नऊ जणांनी एकाचीच उतरवलेली असते.

आठवी पायरी: तारखा, आणि माझे ८३

शीटमध्ये एवढे रकाने करा: तारीख, शहर, जागा, तिकिटावरचं नाव, आत की बाहेर, का. ते शेवटचं "का" सगळ्यात महत्त्वाचं, सहा महिन्यांनी आपणच आपल्याला विचारतो की हा का काढला होता. माझ्या शीटमधली मुंबईची ओळ अशी आहे: १ नोव्हेंबर १९९६, मुंबई, अंधेरी क्रीडा संकुल, हिस्टरी टूर, आत, "निधीसाठी पण नाव-शो-रांग तिन्ही जुळतात".

आणि महिना अक्षरात लिहा. मी नव्हता लिहिला. अमेरिकन यादी जशीच्या तशी एक्सेलमध्ये चिकटवली, ते लोक महिना आधी लिहितात. प्रागचा पहिला शो तिथे ९/७/१९९६ असा होता, म्हणजे ७ सप्टेंबर. माझ्या कॉम्प्युटरने तो आपल्या पद्धतीने वाचला, ९ जुलै. झालं, प्रागचा शो ९ जुलैला, आणि दुसऱ्या एका यादीतून आणलेला १६ जुलैचा ब्रुनेईचा शो सॉर्ट केल्यावर अगदी शहाण्यासारखा टूरच्या आत जाऊन बसला. रांगेत आहे म्हणून मी आत धरला. माझ्याच नियमाने मलाच फसवलं.

खरं तर ट्यूब आधीच पेटायला हवी होती. मुंबईचा शो त्या शीटमध्ये ११ जानेवारी १९९६ दाखवत होता. मुंबईचा! आणि बुखारेस्टची तारीख, १४ सप्टेंबर, चौकटीत डावीकडे चिकटून बसली होती, बाकीच्या उजवीकडे, कारण चौदावा महिना नसतो म्हणून एक्सेलने ती तारीख मानलीच नव्हती. तुमच्या शीटमध्ये काही तारखा डावीकडे आणि काही उजवीकडे दिसल्या तर पुढे मोजूच नका, आधी सगळा रकाना पुसून हाताने परत भरा. मला ८२ ओळींना पाऊण तास लागला, चहासकट.